भाऊंच्या आधी सुटलेली शर्यत

धावपटूची गोष्ट म्हटल्यावर तुम्ही लगेच तयार झाला असणार. अनवाणी पाय, मागं ढोल, शेवटी तिरंगा आणि डोळ्यांत पाणी. रुमाल खिशात ठेवा. अनवाणी पाय आहेत, बाकीचं आम्हाला परवडलं नाही.

माझी आत्या देवळ्याची. आमच्याकडं पोरींनी लंगडीच्या पुढं जायचं नसायचं, तेव्हा ती आठशे मीटर पळायची. सराव कांद्याच्या वावराच्या कडेनं, आणि घरी सांगायचं शेळी सुटली होती. राज्यात पहिली आली. मग देशाच्या संघासाठी निवड चाचणी लागली. पोरी वॉर्मअप करून उभ्या, आणि उद्घाटनाचे पाहुणे अजून यायचेत. पाहुणे येऊन, हार घालून, भाषण ठोकून होईपर्यंत अंग गार पडलं. दुसऱ्या चकरीत मांडीचा स्नायू फाटला. झालं, संपलं करिअर. आता ती नाशकात एका ऑफिसात क्लार्क आहे. वर्षातून एखादी शाळा बोलावून शाल देते. एक शाल वॉशिंग मशीनवर आहे, छान बसते.

मी तिच्याकडं राहून कॉलेज करतो. करतो म्हणजे जातो. माझं खरं काम लोकांचे आवाज काढणं. त्यामुळं यंदा एका शाळेच्या क्रीडा स्पर्धेत आत्या पाहुणी आणि मी माइकवर. दुसरे पाहुणे वॉर्डातले नगरसेवक भाऊ. त्यांनी झेंडा दाखवायचा, मग मुलींची आठशे मीटर. पहिली येईल तीच पुढं विभागाला जाणार. त्यात पेठ तालुक्यातली, होस्टेलवर राहणारी एक पोरगी होती. आत्या तिला रोज सकाळी ग्राउंडवर पळवायची. स्वतःच्या पगारातले बूट दिले होते, पण ती म्हणाली, "मॅडम, पाय अडकतो," आणि काढून ठेवले.

पोरी उन्हात रेषेवर. भाऊंचा पत्ता नाही. आत्या हेडमास्तरांपाशी गेली.

"सर, सोडा हो शर्यत. अंग गार पडतंय पोरींचं."

"मॅडम, तुम्ही खेळाडू. आम्हाला शाळा चालवायची आहे."

"मग मी दाखवते झेंडा."

हेडमास्तर नुसते हसले. आत्या तिथंच उभी राहून त्यांच्याशी वाद घालत राहिली.

ते हसणं मला सहन झालं नाही. "भाऊ फोनवर आहेत, माइकला लावतो," म्हणत मी माइक घेऊन मांडवाच्या कापडामागं गेलो आणि नाकातून आवाज काढला. "मी ट्रॅफिकमधी अडकलोय. लेकरांना उन्हात ठेवू नका. घ्या शर्यत सुरू करून!" हेडमास्तरांनी चक्क स्पीकरला हात जोडले.

शर्यत सुटली. पेठची पोरगी पहिल्या पावलापासून पुढं. एक चकर झाल्यावर दोघी-तिघी कंबर धरून बसल्याच. ही शेवटपर्यंत जीव खाऊन पळाली, पहिली आली आणि आडवी झाली. आत्या शाल टाकून धावली तिच्याकडं.

तेवढ्यात गाडी आली, थेट ट्रॅकवरून. भाऊ उतरले. हेडमास्तर म्हणाले, तुमच्याच फोनवरून सोडली शर्यत.

"मी कधी फोन केला? आता झेंडा कुणाला दाखवू, तुमच्या बायकोला?"

हेडमास्तरांचा चेहरा उतरला. शर्यत रद्द, पुन्हा घ्यायची. आत्या ओरडत होती, "अहो, ती आत्ताच पळालीय!" तर म्हणे, दहा मिनिटं विश्रांती देऊ, ग्लुकोज देऊ. भाऊंनी झेंडा दाखवला, फोटो निघाले. पहिल्या वेळी अर्ध्यात बसलेली एक ताजीतवानी पोरगी जिंकली. आमची तिसरी आली. भाऊंनी तिच्या डोक्यावर हात ठेवला, तोही फोटो निघाला.

घरी जाताना आत्या स्कूटरवर मागं बसली होती. द्वारका चौकाच्या सिग्नलला मी म्हटलं, "आत्या, त्या भाऊला ना..."

"गाडी बाजूला घे."

घेतली.

"मी भांडत होते ना तिथं? दिसत नव्हते तुला? तुला वाटलं, हिचं कोण ऐकतंय. म्हणून त्या मेल्याचा आवाज काढलास. अरे, उशीर झाला असता, पोरगी गार अंगानं पळाली असती, पण एकदाच पळाली असती! जिंकली असती ती. आता उद्या सकाळी ती ग्राउंडवर येईल. मी नाही येणार. तू जायचंस आणि सांगायचंस तिला, का पळावं लागलं दोनदा ते. आणि तिच्यापुढं नाटकं केलीस ना, तर कान उपटून हातात देईन. दात काय काढतोस? हेल्मेट घाल."