माधवन सरांचा चौथा चित्रपट

गाडीत बसले की माधवन सर मांडीवरची जाड वही छातीशी धरत आणि सीटबेल्ट तिच्यावरून घेत. वहीत त्यांच्या चौथ्या चित्रपटाची पटकथा होती, मल्याळममध्ये, एकच प्रत.

शिकागोजवळच्या नेपरव्हिलला ते मुलीकडे, लताकडे, राहायला आले होते. मी शेजारी. २००२च्या हिवाळ्यात माझी नोकरी गेली होती, व्हिसाची धास्ती होती. दिवसभर घरीच असल्याने सरांना डॉक्टरकडे न्यायचं काम माझ्याकडे आलं. केरळात त्यांनी तीन चित्रपट लिहून दिग्दर्शित केले होते. तिसऱ्याचं कौतुक झालं, पण तो चालला नाही. मग अकरा वर्षं कोणी विचारलं नाही. आता कोचीचा एक निर्माता तयार झाला होता, आणि मार्चमध्ये शूटिंग ठरलं होतं.

तरुणपणी ते पुण्यात सिनेमा शिकले होते, त्यामुळे मराठी बोलत, स्वतःच्या व्याकरणाने. मला प्रसंग वाचून दाखवत, मल्याळममध्येच, आणि म्हणत, "भाषा नाही येते त्याला कळला, तर सीन खरी."

एका संध्याकाळी लताचा ऑफिसातून फोन आला, बाबा फोन उचलत नाहीत. बाहेर बर्फ पडत होता. शोधत शोधत स्टेशनवर गेलो, तर सर बाकावर बसून शिकागोहून येणारी माणसं न्याहाळत होते आणि एक पोलीस त्यांची चौकशी करत होता. अकरा सप्टेंबरच्या हल्ल्यानंतरच्या त्या दिवसांत आपल्यासारख्याने स्टेशनवर नुसतं बसणंही लोकांना खटकायचं. मी पोलिसाला कसंबसं समजावलं, तेव्हा तो गेला. सर मात्र गाडीत म्हणाले, "वाट बघते तो माणूस पहिले पाय बघते, चेहरा नंतर. इतके वर्ष मी चुकीचा लिहिला."

कोचीच्या विमानाला दहा दिवस उरले असताना, जिना चढता चढता ते छाती धरून खाली बसले. घाम पुसून म्हणाले, "लताला नाही सांगायचा. सिनेमा झाल्यावर काय पण होऊ दे."

मी शब्द दिला. दोन दिवस अन्न गोड लागेना. तिकडे सेटवर काही झालं तर? आणि सांगितलं, तर अकरा वर्षांनी आलेली संधी माझ्यामुळे जाणार. तिसऱ्या दिवशी सकाळी लता ऑफिसला निघत असताना मी तिला सगळं सांगून टाकलं.

सरांची बायपास झाली. डॉक्टरांनी सहा महिने प्रवासाला मनाई केली. निर्माता थांबला नाही. त्याने चित्रपट दुसऱ्या दिग्दर्शकाला दिला. पटकथा सरांनी स्वतःच पाठवून दिली. महिनाभर ते माझ्याशी बोलले नाहीत. मी रोज जायचो, थोडा वेळ बसायचो आणि परत यायचो.

पुढे मला दूर दक्षिणेकडे, अल्फारेटात, नोकरी मिळाली. निरोप घ्यायला गेलो, तेव्हा ते खिडकीपाशी बसले होते.

"तू बरोबर केला, असा मी नाही बोलणार," ते म्हणाले. "पण सिनेमात मी तुला लिहिला असता, तर तुला पण सांगायलाच लावला असता."

सर आणखी तीन वर्षं जगले. पुन्हा चित्रपट मिळाला नाही. ते गेल्याचं लताने फोनवर कळवलं आणि ती म्हणाली, तुझ्यामुळे ही तीन वर्षं तरी मिळाली. तिला हो म्हणणं मला अजून जमलेलं नाही.