खिडकीतला ओला दुपट्टा

७ जून २०२४ रोजी दीपा मेश्राम हिच्या खात्यात तीन हजार आठशे शेहेचाळीस रुपये जमा झाले. हे पैसे कथा-कादंबऱ्यांच्या एका मोबाइल ॲपकडून आले होते. महिनाभरात वाचकांनी तिच्या कादंबऱ्यांचे जितके भाग उघडले, त्यातला तो तिचा हिस्सा. दारव्ह्यात दीपाला लोक ओळखतात ते ब्लाउज शिवणारी म्हणून. ॲपवर तिचं नाव मृण्मयी आहे. आडनाव तिनं घातलेलं नाही.

प्रेमकथा हाच तिचा प्रांत. तिचे हिरो उंच असतात, त्यांची ऑफिसं काचेची असतात आणि हिरोईन जिथे कुठे रडत बसेल तिथे ते बरोबर पोचतात. दीपाच्या नवऱ्याला मात्र कुठेही पोचायचं तर आधी रजेचा अर्ज द्यावा लागतो. रोशन चाकणला एका कंपनीच्या गेटवर सिक्युरिटीत आहे, त्याला आता नऊ वर्षं झाली. मुलगी अकरावीच्या शिक्षणासाठी यवतमाळला होस्टेलवर. दारव्ह्याच्या घरात दीपा, तिची सासू सत्यभामाबाई आणि शिलाई मशीन.

लिहायला टेबलाशी बसणं दीपाला कधी जमलंच नाही. मशीनच्या बाजूला ती फोन उभा करून ठेवते, पायानं मशीन चालवते आणि तोंडानं कादंबरी सांगते. फोन तिचं बोलणं टाइप करत जातो. फोनला पुस्तकी मराठी चांगली समजते, म्हणून दुपारभर दीपा पुस्तकात बोलतात तसं बोलते. सत्यभामाबाई दारात तुरीच्या शेंगा सोलत ऐकत असतात.

"तुझ्याशिवाय मला एक क्षणही करमत नाही, अनिकेत," दीपा एकदा काखेची शिवण मारता मारता म्हणाली.

"कोनासंग बोलून राह्यली वं?"

"हिरोसंग, आई."

"रिकामा हाय का तो? मंग त्याले म्हना, चक्कीवरून दळन आन."

तेवढं वाक्यही फोननं कादंबरीत घेतलं होतं. दीपानं ते वेळीच पाहिलं, म्हणून बरं.

त्याच वर्षी मार्चमध्ये मात्र तिची चांगलीच फजिती झाली होती. तिच्या कादंबऱ्यांतल्या लग्नांत हळद असते, मांडव असतो, मंगळसूत्र असतं. वाचकांना तेच आवडतं, हे तिला पहिल्या वर्षीच कळलं होतं. पण ती लग्नं तिनं पाहिली होती टीव्हीवर, तीही तुकड्यातुकड्यांनी. मैत्रिणींच्या लग्नांना ती जाई, पण पोचे ती पंगतीच्या वेळेला. त्यामुळे झालं असं, की अनिकेतच्या लग्नात सात फेरे आधी झाले आणि अंतरपाट त्यानंतर धरला गेला. शिवाय नवरीला मांडवात बापच घेऊन आला. मामाचा पत्ताच नाही. वाचक बायकांनी खाली लिहिलं, "मृण्मयीताई, मॅच संपल्यावर टॉस उडवता का?" कोणी विचारलं, "मामा रुसून बसला वाटतं?" आणि एकीनं सरळच लिहिलं, "तुमच्यात लग्नं होत नाहीत का?"

हा शेवटचा प्रश्न दीपाला लागला. लग्न झालं होतं की तिचं! दारव्ह्यातल्या विहाराच्या पटांगणात, २००७ साली. समोर तथागतांची मूर्ती आणि बाबासाहेबांचा फोटो, अंगावर पांढरी साडी, त्रिशरण, पंचशील, मग हार आणि वरून फुलांच्या पाकळ्या. अर्ध्या तासात सगळं आटोपलं. ते लग्न तिच्या एकाही कादंबरीत आलं नव्हतं. तिथे ते चालेल असं तिला कधी वाटलंच नव्हतं.

पुढच्या कादंबरीत तिनं आपल्याला येतं तेच लग्न लिहायचं ठरवलं. आता लग्न आपलं घेतलं म्हटल्यावर नवरदेव परका कसा चालणार? त्यामुळे तिच्या आयुष्यात पहिल्यांदा हिरो झाला तो काळ्या-पिवळ्या जीपचा ड्रायव्हर.

रोशन तेव्हा यवतमाळ-दारव्हा जीप चालवायचा. दीपा लाडखेडची. दारव्ह्याच्या कॉलेजात यायला ती त्याच जीपची वाट पाही. जीपमध्ये माणसं कोंबलेली असत, पण खिडकीजवळची एक जागा लाडखेडपर्यंत रिकामी राही. उन्हाळ्यात त्या खिडकीत त्याचा गळ्यातला सुती दुपट्टा, ओला करून, काचेत अडकवलेला असे. बाकी खिडक्यांतून उन्हाच्या झळा येत आणि हिच्या खिडकीतून गार वारा. रोशन आरशातसुद्धा पाहत नसे. दोन उन्हाळे असे गेले, मग त्यानं थेट मागणी घातली. दुपट्ट्याबद्दल तो कधी बोलला नाही आणि तिनंही कधी विचारलं नाही. अकरा कादंबऱ्यांत हिरोंनी हिऱ्याच्या अंगठ्या दिल्या, पण हा दुपट्टा दीपानं कोणालाही दिला नव्हता. बाराव्या कादंबरीत तो आला.

कादंबरी पूर्ण करून तिनं ॲपकडे पाठवली आणि जूनच्या शेवटी ममताचा पुण्याहून फोन आला. ममता त्या ॲपची, लेखिकांचं काम पाहणारी.

"ताई, नवी कादंबरी ऑडिओला घेतोय आम्ही. साठ हजार एकरकमी. फक्त थोडे बदल हवेत हं."

दीपानं मशीन थांबवलं.

"हिरो ड्रायव्हर नको. ट्रॅव्हल कंपनीचा मालक करू. लग्न तुम्ही गोड लिहिलंय, पण ऐकणाऱ्यांना ओळखीचं लागतं. हळद, सप्तपदी. या वेळी गुरुजींकडून तपासून घेऊ, म्हणजे मागच्यासारखं नको व्हायला. आणि तो खिडकीतला दुपट्टा ऐकताना कळतच नाही हो. गाडीत एसी आहे म्हटलं की झालं."

"एसी असला तर मग प्रेम कुठून येईल?"

"प्रेम डायलॉगमध्ये येईल ना, ताई!"

साठ हजार म्हणजे काय, हे दीपाला कोणी समजावून सांगायला नको होतं. तेवढे आधी भरले की जुनी गाडी मिळते, बाकीचे हप्ते. गाडी मिळाली की ती चालवायला रोशन दारव्ह्यात. नऊ वर्षांत तिला दुसरं काहीच नको होतं. सकाळी चहाचे दोन कप मांडावेत, एवढंच.

सत्यभामाबाईंनी सगळं ऐकून निकाल दिला. "लाव त्याईले पाह्यजे तसं लगन. कागदावरचंच हाय ना? माह्यं पोरगं घरी येईन."

रविवारी रोशनची सुट्टी असते. सहा जणांच्या खोलीत त्याची स्वयंपाकाची पाळी होती. दीपानं दुपारी फोन लावला.

"अवो, एक इचारू?"

"इचार. पन हिरोचं असन तं लवकर सांग, भाजी टाकली हाय."

"हिरोचंच हाय."

"मले त्याचा रागच येते. कामधंदा नाई त्याले काही."

दीपानं साठ हजारांचं सांगितलं. रोशनचा आवाज एकदम चढला. "मंग हो म्हन ना वं! काय बदलवा लागते?"

"लगन."

"बदलव. आपलं तं झालं एकदा, ते काय परत होते?"

"हिरो ड्रायव्हर हाय, त्याले मालक करा लागते."

"कर. मले कोनी करून नाई राह्यलं, त्याले तरी होऊ दे."

"आन् खिडकीतला वल्ला दुपट्टा काढून एसी टाका लागते."

मग रोशन जिन्यात आला असावा, कारण खोलीतला गलका कमी झाला.

"कोनता दुपट्टा?"

"तुमचा."

"तुले मालूम होतं?"

"लाडखेडले चढली का पयले तेच पाहो मी."

"मले वाटे, तुले वाटत असन का मी वाळू घातला."

"रोज एकाच खिडकीत वाळू घालते का कोनी?" दीपा हसली, पण हसू नीट येईना.

"काय लिवलं तू? वाच बरं."

तिनं वाचलं. दीड पान होतं. मधे कोणी तरी ओरडलं, "रोशनभाऊ, भाजी करपून राह्यली!" रोशननं ओ दिली नाही. वाचून झाल्यावर तो म्हणाला, "राहू दे."

"काय राहू दे?"

"दुपट्टा. एसी नको टाकू."

"मंग साठ हजार?"

"मी दिवाळीले येतोच ना."

दीपाच्या हिरोईनी अशा वेळी फोन छातीशी धरतात. दीपा तो कानाशी तसाच धरून बसली. तिनं फोन केला होता तो एकच वाक्य ऐकायला, "टाक एसी, मी येतो." सतरा वर्षांत नवरा पहिल्यांदा तिच्या कादंबरीतल्यासारखं बोलला होता, आणि नेमकं आज तिला ते नको होतं.

"ठेवतो," रोशन म्हणाला. "भाजी पाहतो."

सोमवारी तिनं ममताला नाही म्हणून कळवलं. "विचार करा ताई," ममता म्हणाली. नंतर तिचा फोन आला नाही. कादंबरी ॲपवर भागाभागानं आली. वाचक कमी झाले, हे पुढच्या महिन्याच्या रकमेवरून कळलं. सत्यभामाबाई काही दिवस सुनेशी मोजकंच बोलल्या. मग एका दुपारी म्हणाल्या, "वाच बरं ते लगन." ऐकून झाल्यावर त्यांनी चूक काढली, "पंगतीत बुंदी होती. ते नाई लिवलं तू." दीपानं बुंदी घातली.

गेटवर ड्यूटीच्या वेळी फोन जमा करावा लागतो, म्हणून तिनं बसस्टँडजवळच्या अब्रारच्या झेरॉक्सच्या दुकानातून कादंबरी कागदावर काढून घेतली आणि चाकणला निघालेल्या शेजारच्या उकंडाच्या हाती पाठवली. दोन ट्रकांच्या मधल्या वेळात रोशन केबिनमध्ये ती वाचतो. दिवाळीला तो पाच दिवस येऊन गेला. तो अजून लग्नाच्या भागापर्यंत पोचलेला नाही. प्रिंट आणि स्पायरल बाइंडिंगचे मिळून अब्रारचे एकशे चाळीस रुपये द्यायचे राहिले आहेत.