ज्याला कोणीच मत दिलं नाही

आमचं घर म्हणजे टिनाची एक खोली, आणि त्या खोलीत आम्ही पाच माणसं. हिवरखेडच्या पुढं फाट्यावरून आत वळलं की आमचं गाव लागतं. बाबा हंगामात अकोटला जिनिंगमध्ये जायचे आणि परत यायचे तेव्हा त्यांच्या भुवया कापसानं पांढऱ्या झालेल्या असायच्या. माय दुसऱ्यांच्या वावरात वेचणीला जायची. मी शिकले ती मारोतीच्या देवळाच्या पायरीवर. भजनाची मंडळी आली की उठायचं, पंगत बसली की उठायचं, कोणी वारलं आणि माणसं जमली की उठायचं. माय म्हणायची, ही पोरगी बसते कमी आणि उठते जास्त.

तरी मी बी.ए. झाले अकोल्याला, एम.ए. अमरावतीला, आणि आज अकोल्यातल्या एका कनिष्ठ महाविद्यालयात राज्यशास्त्र शिकवते. आमच्या घराण्यात कॉलेजात गेलेली मी पहिली. हे मी न विचारताही सांगते.

त्या पायरीचाही मला अभिमान होता. भाषणात सांगायचे, पोरी टाळ्या वाजवायच्या. मग एका दिवाळीत घरी गेले, तर भावाची मुलगी त्याच पायरीवर पुस्तक घेऊन बसलेली. अकरावीत होती, नर्सिंगला जायचं म्हणत होती. घरी काहून नाही बसत, विचारलं, तर म्हणाली, "घरी टीव्ही हाय, आत्या. अन् इथं भजन. मी दोन्हीच्या मधात अभ्यास करून राहिली."

त्यानंतर पायरीची गोष्ट मी भाषणातून काढून टाकली.

गावात मुलींसाठी अभ्यासिका हवी, हे काही मी पहिल्यांदा बोलत नव्हते. शाळेशेजारी ग्रामपंचायतीची जागा रिकामी होती. लोक तिथं जळणासाठी कापसाच्या पऱ्हाट्या रचायचे. ती जागा देण्याचा ठराव मात्र होत नव्हता, कारण गावात गट दोन. एका गटाचे जुने माणूस आमचे बाबा, दुसऱ्याचे आमच्या गल्लीच्या तोंडाशी राहणारे काकाजी. एका निवडणुकीपासून दोघांचं बोलणं बंद. आणि एक रीत दोघंही कडक पाळायचे: ज्याला मत दिलं, त्यालाच काम सांगायचं. बाबांचा उमेदवार पडला तर पाच वर्षं बाबा कोणाच्या दारात जायचे नाहीत. आमच्या गल्लीत नळ सगळ्यांत शेवटी आला तो ह्याच रीतीपायी. माय कुरकुरायची. बाबांचं म्हणणं एकच, ज्याच्या विरोधात शिक्का मारला त्याच्यापुढं हात पसरायला तोंड लागतं, ते माझ्याकडं नाही.

अभ्यासिकेसाठी कोणाकडं जायचं, इथंच गाडी अडायची. आमदार निवडून आणला होता काकाजींच्या गटानं, खासदार आमच्या. एक गट निघाला की दुसरा घरी बसायचा.

मी घरी जेवताना राज्यसभेचं काढलं. महाराष्ट्राच्या तिथं एकोणीस जागा. आपण मत देतो आमदाराला आणि हे सगळे आमदार मिळून त्या एकोणीस जणांना निवडतात. निवडून आलेला माणूस एखाद्या तालुक्याचा नसतो, सगळ्या राज्याचा असतो, आणि त्याचा निधी राज्यात कुठंही देता येतो. मुंबईचे एक सदस्य पुढच्या आठवड्यात अमरावतीला येणार होते. त्यांची मुदत उन्हाळ्यात संपत होती, म्हणून घाई.

बाबांनी घास तोंडात ठेवूनच मान हलवली. "मी त्याले मत देलं नाही."

कोणीच दिलं नाही, मी म्हटलं.

"मंग तो आमदारायचा माणूस. वऱ्हाडाचा तरी हाय का?"

नाही, मी म्हणाले. आता तर ज्या राज्यातून निवडून जायचं तिथला रहिवासी असण्याचीही अट राहिलेली नाही, हेही सांगितलं. वर्गात जे शिकवते ते घरी लपवू कशाला? माय म्हणाली, पोरगी आपलंच काम बिघडवते.

मग मी आज्याचं सांगितलं. ही सभा पहिल्यांदा भरली तेव्हा वऱ्हाड मध्य प्रदेशात होतं. आपल्याकडून जे दिल्लीला गेले, ते मध्य प्रदेशाचे म्हणून गेले. पुढं वऱ्हाड मुंबई राज्यात आलं, मग महाराष्ट्रात. आजा ह्याच गावात जन्मला, इथंच मेला, कुठं गेला नाही; राज्यंच त्याच्या अंगावरून गेली. तीन राज्यांच्या नावानं माणसं वरच्या सभागृहात बसली. त्यातल्या एकाकडंही आपल्या गावानं कधी काही मागितलं नाही. आम्हाला आमचा कोण, हेच ठरवता आलं नाही. वऱ्हाडाला कोणी विचारत नाही म्हणून आपण ओरडतो, ते खरंही आहे. पण आपण तरी कोणाला विचारलं?

बाबांनी हे ऐकून घेतलं आणि भलतंच विचारलं. मुदत संपली की सगळी सभा बरखास्त होते का? नाही, म्हटलं. दर दोन वर्षांनी तिसरा हिस्सा निवृत्त होतो, तेवढे नवीन येतात. सभा बंद पडत नाही.

"म्हणजे जिनिंगसारखं. पाळी सुटते, मशीन चालू राहते."

मी ते वाक्य आजही वर्गात वापरते.

हात धुऊन आल्यावर बाबा ओट्यावर बराच वेळ सुपारी कातरत बसले. मग मला बोलावलं. "त्याले मी मत देलं नाही. त्या गल्लीवाल्यानंही देलं नाही. विरोधातही नाही देलं कोणी. ज्याले कोणीच मत देलं नाही, त्याच्यापुढं कोणाचीच मान खाली जात नाही. सांग त्या गल्लीवाल्याले, गाडीत जागा हाय म्हणा."

मी काकाजींकडं निरोप घेऊन गेले. ते खाटेवर पडून होते. ऐकून म्हणाले, "तुया बापाले एवढी अक्कल सुचली? का तूच शिकवलं?" मी म्हटलं, अक्कल त्यांची, माहिती माझी. ते हसले आणि उठून टोपी शोधायला लागले.

पण ठराव आधी हवा होता. दोन्ही गटांनी ठरावाच्या बाजूनं हात वर केले आणि पऱ्हाट्या त्याच आठवड्यात उचलल्या गेल्या.

अमरावतीपर्यंत दोघं एका जीपमध्ये शेजारी बसले आणि बोलले माझ्यामार्फत. काकाजी म्हणायचे, विचार तुया बापाले खिडकी लावाची का. बाबा म्हणायचे, सांग, धूळ त्यायलेच लागते, मले नाही. दर्यापूर मागं पडलं आणि दोघं पुढच्या गाडीच्या ड्रायव्हरला एकाच वेळी शिवी देऊन मोकळे झाले. त्यानंतर माझी गरज उरली नाही.

विश्रामगृहात गर्दी होती. आमचा नंबर आला तेव्हा सदस्यांनी ठरावाचा कागद बाजूला ठेवला आणि थेट विचारलं, तुमच्या गावात आमचा गट कोणता?

मी बोलणार होते. बाबा आधी बोलले.

"कोणताच नाही, साहेब. म्हणून तं दोघंबी आलो."

सदस्यांच्या मागं उभा असलेला स्वीय सहायक चपापला. सदस्य मात्र बाबांकडं पाहत राहिले, मग काकाजींकडं, आणि म्हणाले, बसा. जागा कोणाच्या नावावर आहे, वीज आहे का, किती मुली येतील, हे सगळं त्यांनी विचारलं. शेवटचं उत्तर मी दिलं. बाबांनी आणि काकाजींनी मिळून चहा नाकारला. ती दुसरी रीत, काम होण्याआधी पाणीसुद्धा प्यायचं नाही.

परतताना बाबा म्हणाले, होईल असं वाटत नाही. काकाजीही तेच म्हणाले. मलाही आशा नव्हती, पण दोघं एका मतावर आले हेच मला नवीन होतं.

सदस्यांची शिफारस त्यांची मुदत संपण्याच्या थोडं आधी जिल्हाधिकारी कार्यालयात पोचली. त्यांच्या जागी दुसरं कोणी आलं. ते कोण, हे गावात अजूनही फारसं कोणाला ठाऊक नाही. बांधकामाला वेळ लागला, एकदा गिट्टीसाठी थांबलं, एकदा पावसासाठी. भाचीची बारावी त्या खोलीच्या आधीच, पायरीवरच झाली. नर्सिंगला प्रवेश मिळाला, तरी ह्याचं मला वाईट वाटतं.

खोली आता उभी आहे. आत टेबलं आहेत, पंखे आहेत, दाराला कुलूप आहे. एक किल्ली बाबांकडं, एक काकाजींकडं. आमच्या गावातल्या मुलींना अभ्यास करताना आता कोणी उठवत नाही.