न्हाणाऱ्या बाईचा चेहरा

मित्सुएचा चेहरा आमच्या गावात दोन ठिकाणी होता. एक तिच्या स्वतःच्या मानेवर, आणि दुसरा टेकडीवरच्या ‘गुप्त खजिना’ संग्रहालयात, न्हायला बसलेल्या एका मेणाच्या बाईच्या मानेवर. पहिला म्हातारा झाला. दुसरा तरुणच राहिला, फक्त नाकावर जरा धूळ.

संग्रहालय मोठ्यांसाठीच होतं. दारावर तसा फलक होता आणि फलकाशेजारी माणसाच्या उंचीचं दगडी लिंग. येणारी प्रत्येक बाई तोंडावर रुमाल धरून आत जायची, आणि बाहेर येताना त्याच दगडाला मिठी मारून फोटो काढायची. आत जुनी रंगीत चित्रं, लाकडी देव, फटीतून डोकवायची खोकी, आणि हॅंडल फिरवलं की वाऱ्याने झगा उडणारी एक पिवळ्या केसांची बाहुली. माझं वाफेच्या गोड बन्सचं दुकान बरोबर समोर. संग्रहालयातून निघालेल्या माणसाला भूक फार लागते, हे मी अनुभवाने सांगते. त्या हशावर माझा संसार चालला.

संग्रहालय काढलं म्हाताऱ्या मोरिवाकीने, गावात बसगाड्यांची रीघ लागायची त्या काळात. बाहुल्या शहरातून तयार आल्या, पण सगळ्यांची तोंडं एका साच्यातली, आणि तीही विलायती. न्हाणारी बाई तरी आपल्या गावची दिसली पाहिजे, असा त्याने हट्ट धरला. मित्सुए तेव्हा नदीकाठच्या सराईमध्ये पाहुण्यांची उठबस करायची. तिच्या नाकपुड्यांत काड्या घालून तोंडावर प्लास्टर थापलं आणि तिला तासभर निजवून ठेवलं. बदल्यात एक छत्री मिळाली. मग जन्मभर ती एकेकाला सांगत राहिली, “अंग दुसरीचं आहे हो, माझं तोंड तेवढं.” कुणी विश्वास ठेवला नाही. लोकांना अंगाची गोष्ट जास्त आवडायची.

विश्वास ठेवला तो एकट्या तोराजीने. तो तिथे तिकिटं फाडायचा आणि यंत्रांना तेल द्यायचा. बटण दाबलं की न्हाणारी बाई मान वळवून बघायची, आणि ती मान कायम करकरायची. तेल घालता घालता हा पठ्ठ्या तिच्याशी सराव करायचा. “मित्सुए-सान, रविवारी मोकळ्या आहात का?” खरीला विचारायची छाती होईपर्यंत अख्ख्या गावाला ते वाक्य पाठ झालं होतं. मित्सुएनेही ते आधी माझ्याच तोंडून ऐकलं, आणि रविवारी सुट्टी मागून ठेवली.

पुढे संसार झाला, मूलबाळ झालं नाही, दोघं म्हातारी झाली. मग तोराजीचं डोकं रिकामं व्हायला लागलं. आधी रस्ते गेले, मग माणसं. शेवटी बायको गेली. एका सकाळी त्याने मित्सुएला वाकून नमस्कार केला आणि म्हणाला, “आजी, रात्री झोप लागली ना? पाणी फार गरम नव्हतं ना?” तो तिला सराईतली पाहुणी समजला होता. ती माझ्या दुकानात येऊन बाकड्यावर बसली. मी बन पुढे केला, तो तिने हातातच धरून ठेवला.

“निदान प्रेमाने विचारतात गं,” ती म्हणाली.

बुधवारी माझं दुकान बंद. अशा एका बुधवारी आम्ही त्याला संग्रहालयात नेलं, जुनी जागा बघून बरं वाटेल म्हणून. पिवळ्या केसांच्या बाहुलीपुढून तो ढिम्म पुढे गेला. न्हाणाऱ्या बाईपाशी थांबला. बटण त्याने स्वतः शोधलं. मान करकरत वळली, आणि तोराजी म्हणाला, “मित्सुए, आवर लवकर. थंडी बाधेल.”

मी मित्सुएकडे बघितलं तर ती जागेवर नाही. बाहुलीमागे बांबूचं कुंपण होतं, त्याच्या आड ती शिरली होती. तिथून तिचा आवाज आला. “आलेच हो. तुम्ही जेवलात का?”

“तुझ्याशिवाय कधी जेवलोय?” तो म्हणाला.

तेव्हापासून दर बुधवारी तेच. तो मेणाच्या तोंडाशी बोलायचा, ती बांबूमागून उत्तरं द्यायची. आदल्या पिढीतले मेलेले शेजारी, गळकं छप्पर, मुळ्याचं लोणचं, सगळं त्यात निघायचं. मी वाटेत उभी राहून लोकांना थोपवायची. एकदा एक पाहुणा सराईतला यूकाता, पाहुण्यांना देतात तो सुती झगा, गुंडाळून तसाच आत घुसला. मित्सुए कुंपणामागून तीरासारखी बाहेर आली, नवऱ्याला ऐकू जाणार नाही अशा बेताने त्याला कोपऱ्यात ओढलं आणि म्हणाली, “अहो साहेब, मेलात का काय? उजवी बाजू वर घेतलीय. डावी वर घ्यायची. उलटं प्रेताला नेसवतात.” बिचाऱ्याने तिथल्या तिथे सोडून नीट नेसला. संग्रहालयच तसलं, कुणाला वावगं वाटलं नाही. सराईत जन्म गेलेला तिचा; उलटी बाजू तिला रस्त्यापलीकडून दिसायची.

मग धाकट्या मोरिवाकीने संग्रहालय बंद करायचं ठरवलं. धाकटा म्हणजे म्हाताऱ्याचा मुलगा, तोही सत्तरीचा.

“बस येत नाहीत, छत गळतंय,” तो म्हणाला. “आणि आता सगळं फोनवर दिसतं. माझ्या लाकडी देवांना कोण विचारतो?”

“मग तिचं काय?” मित्सुएने विचारलं.

“टोकियोचा एक जण बाकीचं नेतोय. ती नको म्हणाला. तोंड फार साधं आहे म्हणे.”

मला त्या टोकियोवाल्याच्या श्रीमुखात द्यावीशी वाटली. मित्सुए मात्र हसली. “बरं झालं. मग मला द्या.”

तिला दुसरं काही सुचतच नव्हतं. बुधवार गेला तर तिचा नवरा गेला, इतका सरळ हिशोब होता. बाहुली घरी आली तर रोजच बुधवार. मलाही ते पटलं.

न्यायच्या दिवशी तोराजी वृद्धांच्या दिवसभराच्या केंद्रात गेला होता. मी बन्सची हातगाडी रिकामी केली, मित्सुएने तिच्यावर गादी घातली. आम्ही दोघी दाराशी गाडी धरून उभ्या, कारण उतारावर ती पळते. आत मोरिवाकीने बाहुलीचा वर उचललेला हात स्क्रू सोडवून काढला, खाली वळवून पुन्हा बसवला, आणि गावातून उघडी नेणं बरं दिसणार नाही म्हणून तिला यूकाता नेसवला. जन्मभर बायकांना उघडं मांडून पोट भरलेला माणूस, नेसवायची वेळ आयुष्यात पहिल्यांदा आली. समोर उभा राहून नेसवला. वरून चादर टाकली.

घरी आम्ही तिला खिडकीजवळच्या उशीवर बसवलं. मित्सुएने चादर काढली, नाकावरची धूळ ओल्या फडक्याने पुसली, केस विंचरले. तिची नजर तोंडावरून हलेना. “मी इतकी बरी होते का गं?” तिने विचारलं. मी म्हटलं, “होतीस, आणि तुला तेव्हाही कळलं नव्हतं.” मग ती सरकत्या दारामागे जाऊन बसली, घसा खाकरून बघितला. नव्या नवरीसारखी घाबरली होती.

केंद्राची गाडी आली. मी तोराजीला हाताला धरून आत आणलं. तो उंबऱ्यातच थांबला. बाहुलीकडे बघितलं, मग तिच्या गळ्याकडे. सावकाश खाली बसला आणि हात जोडले.

“कधी गेली?” त्याने मला विचारलं.

तेव्हा मी बघितलं. उजवी बाजू वर होती.

मित्सुए दारामागून म्हणाली, “अहो, मी इथे आहे. जेवलात का?” तिला अजून काही कळलं नव्हतं.

तोराजीने डोळे मिटले. “आवाज राहतो बघा घरात,” तो मला समजावत म्हणाला. “आईच्या वेळीही राहिला होता. काही दिवस राहतो, मग जातो.”

मी धावत जाऊन बाहुलीचा पट्टा सोडला, बाजू बदलली. “तोराजी-सान, हे बघा, चुकून झालं. त्या गाढव मोरिवाकीने नेसवलं. आता नीट आहे बघा.” त्याने माझा हात हळूच बाजूला केला आणि स्वतः ती बाजू पुन्हा पहिल्यासारखी केली. प्रेताला करायची ती सगळी रीत त्याला येत होती.

मित्सुए बाहेर आली. तिने बाहुलीचा गळा बघितला आणि खाली बसली. मी मोरिवाकीला शिव्या देत राहिले. कुणाला तरी दिल्या पाहिजेत म्हणून दिल्या. त्याच्या तरी काय डोक्यात येणार होतं!

दुसऱ्या दिवशी विसरेल, असं आम्ही धरून चाललो होतो. सकाळचं दुपारी न आठवणारा माणूस. सकाळचा चहा तो विसरला, माझं नाव विसरला. हे विसरला नाही. उठला की स्वतःच्या भातात जेवायच्या काड्या उभ्या खोचून, मेलेल्यापुढे ठेवतात तसा, वाडगा तिच्यापुढे ठेवतो आणि मग उपाशीपोटी तिच्याशी बोलत बसतो. उत्तराची वाट आता बघत नाही. मित्सुएने दोनदा दारामागून बोलून पाहिलं. दोन्ही वेळा तो इतका रडला की तिने ते सोडून दिलं.

बाहुली घालवून टाक, मी म्हणाले. ती म्हणाली, “मग ते कुणाशी बोलतील?”

काल मी उरलेले बन्स घेऊन गेले. मित्सुए चहा घेऊन आली, तर तोराजीने सरकून तिला जागा करून दिली.

“या आजी,” तो म्हणाला. “ही आमची मित्सुए. तुम्ही रोज येता, पण अजून उदबत्ती लावली नाहीत तिला.”

मित्सुएने माझ्याकडे बघितलं. तिने चहा खाली ठेवला, उदबत्ती लावली आणि स्वतःच्या चेहऱ्यापुढे हात जोडले.

“ओळखत होतात का तिला?” त्याने विचारलं.

“हो,” ती म्हणाली. “तुमचंच बोलायची सारखी.”

तोराजीला ते फार बरं वाटलं. त्याने बन मोडला आणि मोठा तुकडा तिला दिला.