गाणं कधी आहे, मूसाभाई?

मूसाभाईंनी मला शेवटचा सिनेमा खोटा सांगितला. आणि खोटा सांगायला मीच लावला.

मंगळवारी ते गेले. हार्ट.

टोकियोजवळच्या ग्योतोकुत, आमच्या बिल्डिंगमध्ये आम्ही पाचव्या मजल्यावर, मुलाकडे. ते तिसऱ्यावर, मुलीकडे.

मूळचे मालदीवचे. मालेत धिवेही, म्हणजे तिकडच्या भाषेतल्या, सिनेमांची गाणी लिहायचे. बायको गेली आणि शिफा, त्यांची मुलगी, त्यांना इकडे घेऊन आली. ती त्यांना 'बप्पा' म्हणते. आमच्या हिला तो शब्द पहिल्या दिवसापासून घरचा वाटला.

ओळख झाली ती गोमी, म्हणजे कचरा, टाकायच्या जागेवर. बाटल्यांचा दिवस. दोघांनीही झाकणं न काढता बाटल्या टाकलेल्या, आणि केअरटेकर-सानने दोन म्हाताऱ्यांना एकदमच झापलं. जपानी एकालाही कळलं नाही.

ते माझ्याकडे वळून म्हणाले, "साहब, डायलॉग समझ में नहीं आया, पर सीन समझ गया."

झालं. मैत्री.

हिंदी ते आपले सिनेमे बघूनच शिकलेले. त्यांचे जुने धिवेही सिनेमेही अगदी आपलेच वाटावेत असे. सासू, आजारपण, ताटातूट, मधूनमधून समुद्रकिनारी गाणी. ते शेजारी बसून हिंदीत सांगायचे, मी डोळे पुसायचो.

मग मी शाळेतल्या कविता चालीवर म्हणायचो. ते त्यांचं रैवरु म्हणायचे. लांब सुरातल्या जुन्या ओळी, आपल्या ओव्यांच्या नात्यातल्या. अर्थ कळायचा नाही. दुपार कुठे जायची तेही कळायचं नाही.

नवी मुलं सिनेमातून गाणीच काढून टाकतात, असं एकदा म्हणाले. गोष्ट सांगायची रीतच बदलली. सिनेमे लहान झाले, माणसं कमी बोलतात, शेवट कोणी बांधून देत नाही.

मी म्हटलं, म्हणजे तुमचं कामच गेलं की.

हसले. म्हणाले, "काम गया. पर बच्चे सही हैं."

शिफा त्या मुलांपैकीच. टोकियोत एडिटिंग करते. सुट्टी काढून आपल्या बेटावर गेली आणि तिने एक फिल्म केली.

गेल्या महिन्यात एका रविवारी मूसाभाईंनी मला खाली बोलावलं. फिल्म त्यांनीही अजून पाहिली नव्हती. एकट्याने बघवणार नाही, तुम्ही या, म्हणाले.

शिफा किचनमध्ये चहा टाकत होती. सबटायटल्स तयार नव्हते. मूसाभाई सांगत होते, मी ऐकत होतो.

एक मुलगी बेटावर येते. म्हातारा बाप एकटा आहे, त्याला न्यायला.

दोघं जेवतात. बोलत नाहीत.

ती कपाट आवरते. बोलत नाहीत.

बाप रिकाम्या खोलीत बसून राहतो. कॅमेरा हलत नाही. नुसता समुद्राचा आवाज.

मी जांभई दिली. आणि म्हटलं, "गाना कब है, मूसाभाई?"

त्यांनी वळून माझ्याकडे पाहिलं.

मग गायला लागले. स्वतःच. धिवेहीत, त्या गप्प खोलीवर एक गाणं रचून. मी मांडीवर ताल धरला.

शिफा किचनच्या दारात येऊन उभी राहिली, आणि परत आत गेली.

पुढचं मी डोळे मिटून, त्यांच्या तोंडूनच ऐकलं, आणि सगळं छान झालं. बाप आनंदाने बोटीत बसतो, मुलीच्या डोक्यावर हात ठेवतो आणि म्हणतो, "बेटी, जहाँ तू, वहीं मेरा घर."

मी म्हटलं, वा! ह्याला म्हणतात डायलॉग.

गुरुवारी त्यांना त्सुकुबाच्याही पलीकडे ठेवून आलो. मुसलमानांची दफनभूमी तिथे आहे. चारी बाजूंना शेतं. बेटावरचा माणूस, आणि समुद्र कुठेच नाही.

येताना गाडीत शिफाने मला फिल्मची लिंक पाठवली. "आता सबटायटल्स आहेत, अंकल."

काल पाहिली.

बाप बोटीत मुलीकडे पाठ करून बसतो. डोक्यावर हात वगैरे काही नाही. शेवटी एकच वाक्य.

"घराचं काय करायचं ते विचारलंस. माझं नाही विचारलंस."

मी तिला फोन केला. तिच्या पिढीला हिंदी येत नाही, आम्ही इंग्रजीत बोलतो. विचारलं, ही गोष्ट तुमचीच का?

ती म्हणाली, "हो. इकडे यायचंय का, असं मी त्यांना कधी विचारलंच नव्हतं. नंतर तोंडावर विचारायची हिंमत झाली नाही, म्हणून फिल्म केली. वाटलं, बघून काहीतरी बोलतील."

"मग? बोलले?"

"म्हणाले, एक गाणं हवं होतं."

ठेवतो, एवढंच म्हटलं.

शाळेत गुरुजी सांगायचे, ओळीत यती असतो, तिथे थांबायचं, नाहीतर वृत्त मोडतं. हे मी जन्मभर लोकांना ऐकवत आलो. आणि थांबायची वेळ आली तेव्हा जांभई दिली.

मुलीने बापाला विचारलं आणि तिला उत्तर मिळालं ते माझं. त्यांचं स्वतःचं काय होतं, ते आता कुणालाच कळणार नाही.

तिला मराठी वाचता येत नाही, म्हणून हे इथे लिहायला धीर झाला. ही आणखी एक लाज.

उद्या तिसऱ्या मजल्यावर जाणार आहे. गाणं कोणी मागितलं होतं, ते सांगायला. मग तिने दार लावून घेतलं तरी चालेल.

आज दुपारी तो रिकाम्या खोलीचा सीन पुन्हा लावला. शेवटपर्यंत पाहिला. गाणं नाही तेच बरं.

मूसाभाई, बच्चे सही हैं.

खाली मान घालून, तुम्हाला शेवटचा नमस्कार.