कावळ्याला दिलेला शब्द

आमच्या घरी पाच वर्षं आमदारकी होती. लोक 'आमदारकी केली' म्हणतात. मी 'होती' म्हणते, घरात एखादं आजारपण असतं तशी. हे कल्याण कोर्टात वकिली करायचे आणि मी हॉलमध्ये दहावीच्या मुलांच्या शिकवण्या घ्यायचे. हे अपक्ष उभे राहिले, दोन मोठ्या पक्षांच्या भांडणात निवडूनही आले. दुसऱ्या दिवशी सकाळी मी हॉलमध्ये आले तर सगळ्या खुर्च्या भरलेल्या आणि ओळखीचं एकही माणूस नाही. माझ्या शिकवण्या त्या दिवशी बंद पडल्या, आणि त्याबद्दल मला कुणी विचारलंसुद्धा नाही.

लोकांना वाटतं आमदाराचं काम विधानसभेत असतं. अहो, विधानसभेत बसणं हा त्यातला आरामाचा भाग. खरं काम म्हणजे जाणं. बारशाला जा, साखरपुड्याला जा, हळदीला जा, आणि काहीही झालं तरी दहाव्याला जा. लग्न चुकलं तर लोक माफ करतात, दहावा चुकला तर पाच वर्षं ऐकवतात. आमच्याकडच्या गावांत दहाव्याला नदीवर माइक लावतात. गुरुजी पिंड मांडून ताटकळत बसतात आणि पुढारी एकामागून एक श्रद्धांजलीची भाषणं ठोकतात, ज्याला कधी पाहिलं नाही त्याचं 'अनमोल योगदान' सांगतात. मला त्या प्रकाराची भयंकर चीड यायची. मी तोंडावर बोलूनही दाखवायचे. हे म्हणायचे, "तू नुसती बायकांत बसून राहा, भाषण मी करतो."

तर कल्याणजवळ मोहन्याच्या पुढे नदीकाठी एक गाव आहे, तिथली एक म्हातारी आमच्याकडे नेहमी यायची. तिच्या नवऱ्याला शेतात साप चावला आणि कल्याणला नेता नेता तो वाटेतच गेला. म्हणून तिने रस्त्याकडेची स्वतःची जमीन दवाखान्यासाठी देऊन टाकली होती. इमारत उभी राहिली, रंग झाला, पाटी लागली आणि दाराला कुलूपही लागलं. कारण डॉक्टर आणि नर्सची पदंच मंजूर नव्हती. म्हातारी येऊन दाराजवळच्या खुर्चीत बसायची. मी चहा पुढे केला की म्हणायची, "दवाखाना उघरू दे गो बाय, मंग पिईन." शेवटपर्यंत तिने आमच्या घरचा चहा घेतला नाही.

ती गेली. दहाव्याला आम्ही दोघं गेलो. भाषणं संपली, पिंड ठेवला, माणसं मागे सरली, पण कावळा काही शिवेना. चिंचेवर कावळे बसलेले होते आणि एकही खाली उतरत नव्हता. थोरला मुलगा पुढे होऊन म्हणाला, "आये, नातवाचा लगीन दनक्यात करू." धाकटा म्हणाला, "आम्ही भाऊ भांडणार नाय." कावळे जागचे हलले नाहीत. ऊन चढत चाललं होतं. मग म्हातारीची बहीण बायकांतून उठली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली, "तिचा जीव त्या दवाखान्यान हाय. सायब, तुमीच बोला आता."

सगळं गाव ह्यांच्याकडे बघायला लागलं. सभागृहात कशावरही बोलणारा हा माणूस, त्याच्या तोंडचं पाणी पळालेलं मी तेव्हा पाहिलं. ह्यांनी चपला काढल्या, पुढे गेले, हात जोडले आणि माइक न घेता म्हणाले, "आजी, माझी मुदत संपायच्या आत तुमचा दवाखाना चालू करतो. डॉक्टरसकट."

कावळा उतरला. माझा असल्या गोष्टींवर विश्वास नाही, त्याला भूक लागली असेल. पण सगळ्या माणसांनी सुस्कारा सोडला, त्यात माझाही होता.

गाडीत बसल्या बसल्या मी ह्यांना फैलावर घेतलं. "वकील ना तुम्ही? 'प्रयत्न करतो' म्हणायचं सोडून मुदत कसली घातलीत?"

"कावळ्याला 'प्रयत्न करतो' सांगून चालत नाही," हे म्हणाले. विनोद नव्हता तो.

तिथून घरातली झोप उडाली. हे ठाण्याला खेटे घालत होते, मंत्रालयात खेटे घालत होते. सभागृहात प्रश्न विचारला, तर 'कार्यवाही सुरू आहे' असं उत्तर मिळालं. त्या गावातलं कुणी हॉलमध्ये आलं की दवाखान्याचं नाव काढायचं नाही, नुसतं ह्यांच्याकडे बघत बसायचं. ते जास्त छळायचं. महिन्यांमागून महिने गेले आणि मंजुरी अगदी तोंडाशी आली, तेवढ्यात सरकारच पडलं. नवे आले त्यांनी आडपडदा ठेवला नाही. आमच्यात या, पदं मंजूर. नाहीतर मुदत संपेपर्यंत बसा वाट बघत.

आणि त्यांच्याच विरोधात तर हे निवडून आले होते. हॉलमधून गॅलरीत, गॅलरीतून स्वयंपाकघरात, सतत ह्यांच्या फेऱ्या चालायच्या. फोन वाजला की दचकायचे आणि नाही वाजला की फोन उचलून बघायचे. शेवटी मी पोळ्या लाटता लाटता म्हटलं, "जाऊ नका. तुम्ही कुणाचे नाही म्हणून लोकांनी मतं दिली."

"आणि दवाखाना?"

"पुढचा आमदार उघडेल."

"शब्द त्याने नाही दिलेला, मी दिलाय."

मला राहवलं नाही. मी विचारलं, "खरं सांगा, म्हातारीसाठीच जाताय, की त्यांच्या सत्तेचाही मोह आहे?"

ह्यांनी हातातला फोन ओट्यावर पालथा ठेवला. मग म्हणाले, "थोडं तेही असेल." खोटं बोलले असते तर भांडून मोकळी झाले असते. खरं बोलले, त्यामुळे राग तसाच आत राहिला.

हे गेले त्यांच्यात. टीव्हीवर ह्यांचा चेहरा दिसायला लागला, सोसायटीतल्या बायका लिफ्टमध्ये माझ्याशी बोलेनाशा झाल्या. पण पदं मंजूर झाली आणि डॉक्टर आले. फीत ह्यांनी म्हातारीच्या बहिणीकडून कापून घेतली आणि स्वतः मागे उभे राहिले. मग निवडणूक आली आणि हे पडले, चांगले दणकून पडले. बाकी सगळीकडचं ह्यांनी पचवलं. त्या गावानेही विरोधात मत दिलं म्हटल्यावर मात्र ताटावरून उठून गेले.

आता हॉलमध्ये पुन्हा माझ्या शिकवण्या चालतात. गेल्या हिवाळ्यात त्या बाजूला एका लग्नाला गेलो होतो. माझा खोकला हटत नव्हता. हे म्हणाले, "चल, दवाखान्यात दाखवून टाकू." एरवी मी खोकून खोकून बेजार झाले तरी ह्यांचं लक्ष नसतं. मला समजायचं ते समजलं. बाकावर आमच्या शेजारी एक तरुण बाई तापलेलं मूल मांडीवर घेऊन बसली होती. समोरच्या भिंतीवर नव्या आमदारांचा फोटो. मी तिकडे बघतेय असं पाहून ती आपणहून म्हणाली, "हे चांगले आहेत. आधीचा होता त्याने पलटी मारली. लोकांची मतं घेतली आणि गेला तिकडे."

मी बोलायला तोंड उघडलं होतं. ह्यांनी माझा हात दाबला आणि तिला विचारलं, "डॉक्टर रोज येतात का इथे?"

"येतात की." तिने ह्यांच्याकडे वेड्याकडे बघावं तसं बघितलं. "का नाही येणार? दवाखाना आहे ना हा."

हे हसले, अगदी मनापासून हसले. मला नाही हसता आलं.