पुन्हा एकदा रडून दाखव

माझी मुलगी आठ वर्षांची असताना पुण्याच्या एक बाई आमच्या कॅम्प-१ या कामगार वस्तीतल्या घरी कॅमेरा घेऊन आल्या. कामगारांची मुलं कशी वाढतात, यावर त्यांना फिल्म करायची होती. महिन्यातून दोन दिवस, असं वर्षभर. नवऱ्याने लगेच हो म्हटलं. हथखोजच्या कारखान्यात त्याची दोन बोटं गेली, तेव्हापासून आमची एवढ्या आपुलकीने चौकशी कुणी केली नव्हती. मला मात्र ती आपुलकीच खटकायची. मी खोलीत आले की बाई विषय बदलायच्या.

“तू सगळ्यांवरच कावून शक करून राहिली?” नवरा म्हणायचा.

एका दुपारी बाजारातून लवकर परतले, तर आतून पोरीचं रडणं ऐकू आलं. मी दारातच थांबले. ती बाबांच्या अपघाताचं सांगत होती. हाताला गुंडाळलेला टॉवेल, त्यातून गळणारं रक्त. रडणं ओसरल्यावर बाई हळूच म्हणाल्या, “मध्येच स्कूटरचा आवाज आला गं. टॉवेलचं तेवढं पुन्हा सांगशील?”

पोरीने डोळे पुसले, पुन्हा सांगितलं, आणि त्याच शब्दावर पुन्हा रडली.

मी आत जाऊन कॅमेऱ्यासमोर उभी राहिले. “बंद करा हे, ताई.”

“वहिनी, तुम्ही संमतीच्या कागदावर सही केलीय.”

“मी केली. पोरीले कोणी विचारलं?”

बाईंनी माझ्यादेखत ते चित्रण पुसलं. निदान पुसल्यासारखं दाखवलं. त्यानंतर मी त्यांना घरात येऊ दिलं नाही.

संध्याकाळी पोरीला विचारलं, “दुसऱ्यांदा खरंच रडू आलं होतं का तुले?”

“पहिल्यांदा आलं होतं. दुसऱ्यांदा त्या कॅमेऱ्यावाल्या मावशीले पाहिजे होतं.”

दोन वर्षांनी फिल्म मोबाइलवर आली. मी ती श्वास रोखून पाहिली. पोरगी गल्लीत दोरीवरच्या उड्या मारताना दिसली, तेवढंच. “पाहा, उगाच भांडली तू,” नवरा म्हणाला. बाकीचं सगळं चित्रण कुणाकडे पडलंय, ते मला आजही ठाऊक नाही.

यंदा दहावीच्या गणितात ती नापास झाली. निकाल पाहून स्वयंपाकघरात आली आणि रडायला लागली. तिला जवळ घेण्याआधी क्षणभर मी तिच्या चेहऱ्याकडे नुसतीच पाहत राहिले. तिला ते कळलं.

“खरंच रडून राहिली मी, आई,” ती म्हणाली.